सेटिंग बदललं, पण सेव्ह झालं का?

इंदूरच्या लोकमान्य नगरात आमचे काका राहतात. वरचा मजला त्यांनी स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या चार मुलांना भाड्याने दिलाय, आणि खाली-वर मिळून वाय-फाय एकच. गेल्या पावसाळ्यात मुलांची तक्रार सुरू झाली की संध्याकाळी सातनंतर लेक्चरचा व्हिडिओ अडकतो. मी बघायला गेले. आजूबाजूच्या घरांतले जवळजवळ सगळे राउटर ६ नंबरच्या चॅनलवर, म्हणजे एकाच रेडिओ-पट्टीवर, गर्दी करून होते आणि काकांचाही तिथेच. २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात एकमेकांवर न चढणारी चॅनल तीनच धरतात, १, ६ आणि ११. मी लॅपटॉपवरून राउटरमध्ये शिरले, काळ्या पडद्यावर दोन ओळी टाइप केल्या आणि चॅनल ११ झालं. वर मुलांनी व्हिडिओ लावून पाहिला, व्यवस्थित चालला. काकूंनी पोहे केले होते, ते खाऊन मी घरी आले.

रात्री जोराचा पाऊस झाला, लाइट गेली, तासाभराने आली. सकाळी साडेसातला काकांचा फोन.

"अगं, परत तेच सुरू झालंय. तू काल केलेलं गेलं वाटतं."

गेलंच होतं. दोन ओळी टाइप केल्या होत्या, तिसरी राहिली होती. हा लेख त्या तिसऱ्या ओळीबद्दल आहे, कारण ती का लागते हे नीट कळलं की राउटर, नेटवर्कचा स्विच, हजेरीचं मशीन, सीसीटीव्हीचा रेकॉर्डर, सगळ्यांचं वागणं समजायला लागतं.

या प्रत्येकाच्या पोटात एक छोटा संगणक असतो. ब्राउझरमधल्या पानावर आपण 'सेव्ह' किंवा 'अप्लाय' दाबतो तेव्हा ते बटण आतल्या आत दोन-तीन कामं एकदम उरकतं. नवी किंमत, म्हणजे त्या सेटिंगचा आकडा किंवा मजकूर, लिहितं, ती साठवतं आणि ज्या सेवेला तिची गरज आहे ती सेवा पुन्हा सुरू करतं. कमांड लाइनवर, म्हणजे नुसत्या टाइप केलेल्या हुकुमांनी काम करताना, हीच कामं सुटी सुटी करावी लागतात. त्यामुळे इथे एखादं राहून जातं. पण आत काय चालतं ते दिसतंही इथेच.

माझे आजोबा महाराजा तुकोजीराव क्लॉथ मार्केटातल्या एका पेढीवर हिशेब लिहायचे. त्यांच्या गादीशेजारी एक दगडी पाटी असायची. दिवसभर कोण किती ठाण घेऊन गेलं, कोणाचे किती आले, ते आधी पाटीवर. पाटीवर लिहिणं झटपट व्हायचं, पुसणंही झटपट. संध्याकाळी ते सगळं वहीत चढायचं. पाटीवर पाण्याचा हात फिरला तर दिवस गेला, पण वहीत चढलेलं पुढच्या दिवाळीच्या वहीपूजनालाही तसंच.

राउटरकडेही पाटी आणि वही दोन्ही असतात. पाटी म्हणजे रॅम. तिथे प्रत्येक बिट, म्हणजे एक ० किंवा १, एका अतिसूक्ष्म खणातल्या विजेच्या भारावर टिकून असतो, आणि तो भार सतत गळत असतो. म्हणून रॅमला दर ६४ मिलिसेकंदांत एकदा तरी सगळे खण पुन्हा भरून घ्यावे लागतात. वीज गेली की भरणं थांबतं आणि पाटी कोरी होते. वही म्हणजे फ्लॅश. तिथे इलेक्ट्रॉन दोन्ही बाजूंनी विद्युतरोधक थर असलेल्या एका कप्प्यात कोंडलेले असतात. वीज असो वा नसो, ते सहजासहजी बाहेर पडू शकत नाहीत. राउटरमध्ये सर्रास दिसणाऱ्या फ्लॅश चिपांच्या माहितीपत्रकात वीस वर्षं टिकण्याची हमी असते.

पहिल्या प्रकाराला व्होलाटाइल म्हणतात, म्हणजे कापरासारखी, उडून जाणारी. दुसरी नॉन-व्होलाटाइल, न उडणारी. 'एनव्हीरॅम' या नावातली पहिली दोन अक्षरं या 'नॉन-व्होलाटाइल'ची.

आता माझ्या त्या दोन ओळी. काकांचा राउटर ब्रॉडकॉमच्या चिपवर चालतो आणि आत लिनक्स ही संगणकप्रणाली आहे. अशा राउटरमध्ये सगळी सेटिंगं साध्या जोड्यांमध्ये असतात, डावीकडे नाव, मग बरोबरचं चिन्ह, उजवीकडे किंमत. चालू होताना राउटर फ्लॅशमधली ही यादी वाचतो आणि तिची एक प्रत रॅममध्ये उतरवून घेतो. त्यानंतरचा सगळा व्यवहार या प्रतीशी. मी 'एनव्हीरॅम सेट' लिहून पुढे चॅनलचं नाव आणि ११ हा आकडा दिला. (हुकूम अर्थातच रोमन लिपीत, लहान अक्षरांत द्यायचे असतात.) त्याने रॅममधली प्रत बदलली. दुसऱ्या ओळीने मी वायरलेस सेवा पुन्हा सुरू केली. तिने उठल्या उठल्या विचारलं, चॅनल कोणतं? उत्तर मिळालं, ११. तिने ११ लावलं. मुलांचा व्हिडिओ चालला. या सगळ्यात फ्लॅशला कोणी हातही लावला नव्हता. तिथे अजून ६ च लिहिलेलं होतं. लाइट गेली, पाटी पुसली, लाइट आल्यावर राउटरने वही उघडली आणि तिथला ६ वाचला.

राहिलेली तिसरी ओळ होती 'एनव्हीरॅम कमिट'. पाटीवरचं वहीत चढवा, एवढाच तिचा अर्थ.

यात एक फसगत आहे आणि तिच्यात मी स्वतः सापडले होते. निघण्याआधी मी 'एनव्हीरॅम गेट' हा हुकूम देऊन खात्री केली होती. पडद्यावर ११ आलं, मी निश्चिंत झाले. पण 'गेट' हा हुकूमसुद्धा रॅममधल्या प्रतीतूनच वाचतो. पाटीवर लिहायचं, पाटीवरच वाचायचं आणि वहीत आहे असं समजायचं, असा तो प्रकार झाला. सेव्ह झालं की नाही याची खरी तपासणी यंत्र बंद करून पुन्हा चालू केल्यावरच होते.

मग हे दोन टप्पे ठेवलेच का? 'सेट' म्हटल्याबरोबर थेट फ्लॅशमध्ये का लिहीत नाहीत? मला हा प्रश्न बरीच वर्षं पडलेला होता, आणि त्याचं उत्तर फ्लॅशच्या स्वभावात आहे.

फ्लॅश मेमरी तोशिबा कंपनीतले फुजिओ मासुओका यांनी शोधली आणि १९८४ मध्ये जगापुढे मांडली. पुसताना मोठा भाग एका झटक्यात पुसला जातो, ते पाहून त्यांच्या एका सहकाऱ्याला कॅमेऱ्याचा फ्लॅश आठवला आणि तेच नाव पडलं. म्हणजे 'भलामोठा भाग एकदम पुसणं' हे या मेमरीच्या नावातच आहे. पुसल्यावर त्या भागातले सगळे बिट १ होतात. लिहिताना फक्त १ चा ० करता येतो. ० चा पुन्हा १ हवा असेल तर एकट्या बिटाला तसं करता येत नाही, त्याचा अख्खा ब्लॉक पुसावा लागतो. राउटरच्या फ्लॅशमध्ये असा ब्लॉक बहुतेक वेळा ६४ किलोबाइटचा असतो.

आजोबांच्या वहीत खाडाखोड चालत नसे. एक आकडा चुकला तर त्यांना अख्खं पान नव्याने लिहावं लागायचं. फ्लॅशचा नियमही तोच. चॅनल ६ चं ११ करायचं म्हणजे दोन अक्षरांचं काम, पण त्यासाठी पूर्ण ब्लॉक रॅममध्ये घ्यायचा, तिथे दुरुस्ती करायची, फ्लॅशमधला ब्लॉक पुसायचा आणि सगळा मजकूर परत लिहायचा. पुसायलाच सेकंदाचा काही भाग लागतो, कधी एखादा सेकंदही. संगणकाच्या मापाने हा फार मोठा काळ. दहा सेटिंगं बदलायची असतील तर दहा वेळा पान फाडण्यापेक्षा दहाही दुरुस्त्या पाटीवर करून एकदाच पान लिहिणं शहाणपणाचं.

आणि पान फाडून झालंय, नवं लिहायचं बाकी आहे, नेमक्या त्या क्षणी लाइट गेली तर? नवं नाही आणि जुनंही नाही. पावसाळ्यात आमच्या भागात दिवसातून दोनदा लाइट जायची तेव्हा या कल्पनेने मला खरंच धास्ती वाटायची. म्हणून कमिटचा हुकूम दिल्यावर पुढचा प्रॉम्प्ट, म्हणजे पुढच्या हुकुमाची वाट बघणारी खूण, परत येईपर्यंत, आणि वर पाच-दहा सेकंद, मी प्लगकडे कोणाला जाऊ देत नाही.

यंत्रं बनवणाऱ्यांनीही हा धोका ओळखलेला आहे, आणि त्यांनी काढलेली तोड मला फार आवडते. लहान यंत्रांमध्ये लिनक्स सुरू होण्याच्याही आधी एक छोटा प्रोग्रॅम चालतो. पुष्कळ ठिकाणी तो यू-बूट असतो. त्याची स्वतःची सेटिंगं असतात, सुरू होताना किती सेकंद थांबायचं, कुठून सुरू व्हायचं वगैरे. 'सेटएन्व्ह' या हुकुमाने ती रॅममध्ये बदलतात आणि 'सेव्हएन्व्ह' म्हटल्यावर फ्लॅशमध्ये जातात. साठवताना यू-बूट सगळ्या मजकुराचा गणिताने काढलेला एक आकडा सोबत लिहून ठेवतो, त्याला सीआरसी म्हणतात. जमाखर्चाच्या पानाखाली बेरीज असते ना, तसा. पुढच्या वेळी वाचताना तो बेरीज पुन्हा करतो. जुळली तर पान खरं. नाही जुळली तर 'सीआरसी चुकला, मूळची सेटिंगं वापरतोय' अशा अर्थाचा इशारा पडद्यावर येतो आणि तो कारखान्यातून आलेल्या किमतींवर चालू होतो. कोऱ्या फ्लॅशवर पहिल्यांदाच सुरू होणाऱ्या बोर्डावरही हाच इशारा दिसतो, तिथे घाबरायचं कारण नसतं. एकदा सेव्ह केलं की जातो.

याहून पक्की व्यवस्था म्हणजे दोन पानं ठेवायची. आळीपाळीने लिहायचं, या वेळी डावं, पुढच्या वेळी उजवं. नवं पान पूर्ण होऊन त्याची बेरीज जुळेपर्यंत जुन्याला धक्का लावायचा नाही. मधेच वीज गेली तर अर्धवट पानाची बेरीज जुळत नाही आणि यंत्र जुनं पान घेतं. शेवटचा बदल जाईल, पण यंत्र उभं राहील. यू-बूटमध्ये ही सोय आहे, फक्त बोर्ड बनवणाऱ्याने ती चालू केलेली असावी लागते. लिनक्स सुरू झाल्यानंतर तीच सेटिंगं बदलायची असतील तर 'एफडब्ल्यू-सेटएन्व्ह' नावाचं साधन आहे. त्याला ती फ्लॅशमध्ये कुठल्या जागी आहेत हे एका छोट्या फाइलमध्ये सांगून ठेवावं लागतं, आणि तो पत्ता चुकीचा दिला तर लिहिणं भलत्याच जागी होतं. शिवाय हे साधन वेगळ्या सेव्हची वाट बघत नाही, हुकूम दिला की थेट फ्लॅशमध्ये लिहितं. नवशिक्याने एकट्याने हात घालू नये अशी ही जागा आहे.

दोन टप्पे ठेवण्याचं दुसरं कारण म्हणजे झीज. प्रत्येक पुसण्याबरोबर त्या रोधक थराला थोडी इजा होते. राउटरमधल्या नेहमीच्या फ्लॅशचा ब्लॉक साधारण १,००,००० वेळा पुसता-लिहिता येतो. आकडा मोठा वाटतो, आणि हाताने सेटिंग बदलणाऱ्याला तो जन्मभर पुरेल. पण मी एका ठिकाणी अशी स्क्रिप्ट पाहिली आहे जी दर पाच मिनिटांनी एक किंमत 'सेट' करून लगेच 'कमिट' करत होती. दिवसाला २८८ वेळा. १,००,००० ला २८८ ने भागा, ३४७ दिवस येतात. वर्ष पुरं व्हायच्या आत त्या ब्लॉकची मर्यादा संपली असती. हौसेने बोर्ड जुळवणाऱ्या मुलांसाठी एक हिशेब. आर्डुइनो या शिकाऊ बोर्डातल्या एटीमेगा३२८पी या चिपमध्ये १,०२४ बाइटची ईईप्रॉम, म्हणजे आणखी एक न उडणारी मेमरी, असते, तिचीही मर्यादा १,००,००० लेखनांची. दर सेकंदाला एकाच जागी काउंटर लिहीत राहिलात तर ही मर्यादा अठ्ठावीस तासांत गाठली जाते. वारंवार बदलणारी गोष्ट रॅममध्येच ठेवावी आणि तासा-दोन तासांनी, किंवा बदल खरंच झाला असेल तरच, उतरवून ठेवावी.

घरच्या संगणकाची गोष्ट थोडी निराळी होती. १९८४ च्या आयबीएम पीसी एटीमध्ये सेटिंगं ठेवायला ६४ बाइटची एक चिमुकली रॅम होती, त्यातही १४ बाइट घड्याळाचे. ती खऱ्या अर्थाने न उडणारी नव्हतीच, बॅटरीवर जागी राहायची. आजच्या मदरबोर्डावर दिसणारा नाण्याएवढा सेल त्याच घराण्यातला. जेल रोडवर दुरुस्तीला येणाऱ्या जुन्या संगणकाचं घड्याळ रोज मागे जात असेल तर दुकानदार आधी तो सेलच बदलतो.

आता एक गोष्ट जिथे बरेच जण गोंधळतात. सेव्ह करायचे हुकूम यंत्रागणिक निराळे असतात हे लोक धरून चालतात, पण क्रमही निराळा असतो. सिस्को कंपनीच्या राउटरवर ओळ टाइप करून एंटर मारलं की बदल त्याच क्षणी लागू होतो. तो असतो रनिंग-कॉन्फिगमध्ये, म्हणजे रॅममध्ये. टिकवायचा असेल तर रनिंगची स्टार्टअप-कॉन्फिगवर, म्हणजे चालू होताना वाचल्या जाणाऱ्या टिकाऊ प्रतीवर, कॉपी करायची, किंवा जुन्या सवयीने 'राइट मेमरी'. ओपनडब्ल्यूआरटी या राउटरसाठीच्या लिनक्सवर याच्या उलट. तिथे 'यूसीआय सेट' केल्यावर बदल लागू होत नाही आणि टिकतही नाही. तो रॅममधल्या एका तात्पुरत्या कप्प्यात थांबून राहतो. 'यूसीआय चेंजेस' म्हटलं की थांबलेले बदल दिसतात, 'रिव्हर्ट'ने मागे घेता येतात, 'कमिट'ने फाइलमध्ये उतरतात, आणि त्यानंतर सेवा पुन्हा सुरू केली की मग लागू होतात. म्हणजे सिस्कोवर आधी लागू, मग सेव्ह. ओपनडब्ल्यूआरटीवर आधी सेव्ह, मग लागू. मायक्रोटिक कंपनीच्या राउटरवर सेव्हचा वेगळा टप्पाच नाही, बदल लागू होताच टिकतोही. नवं यंत्र हाती आलं की मी सर्वात आधी हा क्रम समजून घेते.

हा क्रम हाती असला की त्याचा उपयोगही करून घेता येतो. सेव्ह न केलेलं उडून जातं, ही माझ्या लेखी फार मोलाची सोय आहे, आणि ते मला देवासच्या एका कामात पटलं. मी इंदूरमधून, घरी बसून, तिथल्या सिस्को राउटरवर कोणाला आत येऊ द्यायचं याची यादी बदलत होते. अशा यादीच्या शेवटी, न लिहिताही, 'बाकी सगळ्यांना मनाई' हा नियम असतोच. मी नवी यादी लावली, एंटर मारलं आणि पडदा गोठला. माझ्या स्वतःच्या संगणकाचा नेटवर्कवरचा पत्ता यादीत घालायचा राहिला होता. दार मीच आतून बंद केलं होतं आणि मी होते बाहेर, पस्तीस-चाळीस किलोमीटरवर.

पण काम सुरू करण्याआधी मी एक ओळ दिलेली होती, 'रीलोड इन १०'. दहा मिनिटांनी राउटरने आपोआप बंद होऊन चालू व्हावं, असा तो हुकूम. सगळं सुरळीत झालं तर 'रीलोड कॅन्सल' म्हणून तो मागे घ्यायचा आणि मग सेव्ह करायचं. मी दुसऱ्या खिडकीत पिंग, म्हणजे राउटरला सतत 'आहेस का' विचारणारा हुकूम, लावून बसले. उत्तर येत नाही, येत नाही, येत नाही. दहा मिनिटं झाली, राउटर बसला, उठला, त्याने स्टार्टअप-कॉन्फिग वाचली. तिच्यात जुनी यादी होती. पिंगचं पहिलं उत्तर आलं तेव्हा हायसं वाटलं. सवयीने आधीच 'राइट मेमरी' मारलं असतं तर तोच चुकीचा नियम वहीत चढला असता आणि मला गाडी काढून देवासला जावं लागलं असतं. जुनिपर कंपनीच्या यंत्रांवर याचसाठी 'कमिट कन्फर्म्ड' आहे. वेळेत दुजोरा दिला नाही तर यंत्र स्वतःच जुन्या सेटिंगवर परत जातं, आणि ती वेळ सांगितली नाही तर दहा मिनिटं धरली जाते. मायक्रोटिकवर सेव्हचा टप्पा नसल्यामुळे कंट्रोल आणि एक्स दाबून सेफ मोड लावतात. संपर्क तुटला तर त्यातले बदल उलटे फिरतात.

काकांकडे मी त्याच दिवशी दुपारी परत गेले. पुन्हा 'सेट', पुन्हा सेवा सुरू, आणि या वेळी 'कमिट'. प्रॉम्प्ट परत आला, मी दहापर्यंत आकडे मोजले. मग काकांना म्हटलं, आता स्विच बंद करा.

"मुलांचा क्लास चालू असेल गं वर."

"दोन मिनिटं, काका. आत्ता नाही केलं तर रात्री लाइटच करणार आहे."

त्यांनी जिन्यातून वर हाक मारून सांगितलं आणि स्विच बंद केला. दिवे विझले, पुन्हा लागले, एक हिरवा दिवा बराच वेळ लुकलुकत राहिला. मी आत शिरून 'गेट' केलं. ११. या वेळचा ११ फ्लॅशमधून आलेला होता. मग 'एनव्हीरॅम शो'ने सगळी यादी लॅपटॉपवर एका फाइलमध्ये उतरवून घेतली. पुढे हाच राउटर कधी मूळ सेटिंगवर गेला तर ती बघून पुन्हा भरता येईल. या फाइलमध्ये वाय-फायचा पासवर्ड उघडा दिसतो, म्हणून ती कोणाला पाठवायची नाही, हेही काकांना सांगितलं. त्यांनी एका चिठ्ठीवर तारीख आणि चॅनलचा नंबर लिहिला आणि ती राउटरच्या मागच्या बाजूला चिकटवली.